पाई जमू दे, मग

२१ ऑक्टोबर, मंगळवार

वारा नाही. बागेला शेवटचं पाणी दिलं. यंदा झाडांनी सुट्टी घेतली आहे. पेकन म्हणजे अक्रोडाचा चुलतभाऊ, त्याचं झाड लबाड असतं. एक वर्ष पोती भरभरून देतं आणि पुढच्या वर्षी हात वर करतं. गेल्या वर्षी फांद्यांना टेकू द्यावे लागले होते, यंदा मान वर करून शोधावं लागतं.

ही वही झाडांसाठी आहे. दव कधी पडलं, पाणी कधी सोडलं, फळं कधी पाडली, एवढंच मी हिच्यात लिहीत आलोय. पण आज घरात जे घडलं ते कुणापुढे बोलायची सोय नाही, म्हणून इथे लिहितो.

तीना पडदे काढताना स्टुलावरून पडली. तीना म्हणजे माझी थोरली बहीण एर्नेस्तीना. माझी बायको लूपे वारली तेव्हा ही ‘चार दिवस राहते’ म्हणून आली आणि तेव्हापासून घर तीच चालवते. शेजारची चाबेला हाडं-शिरा चोळून बसवते, ती धावत आली. तिने उजवं मनगट दाबलं, चोळलं, पट्टी गुंडाळली.

“मोडलंय का?” मी विचारलं.

“मोडलं नाही, पण मोडल्यात जमा. नाताळापर्यंत या हाताने चमचासुद्धा उचलायचा नाही.”

“मग बारा डिसेंबरची पाई?”

दोघींनी एकमेकींकडे पाहिलं. मग दोघींनी माझ्याकडे पाहिलं.

ग्वादालूपेच्या मातेच्या सणाला चर्चच्या अंगणात जत्रा भरते. आमच्या सान लुकास गावातल्या सगळ्या बायका पेकनची पाई, म्हणजे मैद्याच्या पारीत गूळ-पेकन भरून भाजलेली, आणतात, पण पहिला तुकडा कापायचा तो आमच्या, बाएसांच्या पाईचा. आईच्या वेळेपासून तसंच चालत आलंय. तो मान सुटला तर गावात तोंड दाखवायला जागा नाही.

“तू करायची,” तीना म्हणाली. “मी बसून सांगेन.”

पासष्ट वर्षांच्या आयुष्यात मी पाणीसुद्धा उकळलेलं नाही. मी तसं म्हणालो. चाबेला म्हणाली, “ते दिसतंच आहे.” ही बाई लहानपणापासून अशीच तिखट.

२२ ऑक्टोबर

घराला वास आहे. खिडक्या उघड्या ठेवून, कोट घालून लिहितोय.

तीना खुर्चीवरून म्हणाली, “आधी ओव्हन पेटवून बघ, वर्षभर बंद आहे.” मी काडी ओढली, पेटवला, दार लावलं आणि ऐटीत उभा राहिलो. मला काय माहीत? गावात एक घर नसेल जिथे ओव्हनमध्ये तवे-कढया ठेवत नाहीत. तो आधी रिकामा करायचा, हे म्हणे शेंबडं पोरही जाणतं. चार तवे, दोन कढया, तोर्तिया, म्हणजे मक्याच्या पोळ्या, ठेवायचा प्लास्टिकचा डबा आणि कसलंसं झाकण. डबा वितळून कढईत बसला. तीना हसत हसत रडली. चाबेला वासावर धावत आली, काळ्या गोळ्याकडे बघून म्हणाली, “पाई छान फुगलीय.” मग घरी जाऊन स्वतःचा तवा घेऊन आली आणि “जमेल तेव्हा परत दे” म्हणाली.

२३ ऑक्टोबर, गुरुवार

एसेकिएल आला. दर गुरुवारी येतो. डोंगराकडच्या शेतातून सफरचंदं, चीज आणि ओट्स आपल्या जुन्या ट्रकमध्ये घालून आणतो, बाजार आटोपला की आमच्याकडे कॉफी पितो आणि माझ्याशी डॉमिनो खेळतो. विधुर माणूस आहे, सज्जन आहे, पण डॉमिनोत ढ. आजवर एकदाही जिंकलेला नाही. नेहमी स्वयंपाकघराच्या दारासमोरची खुर्ची धरतो आणि सोंगट्या सोडून दाराकडे बघत बसतो. मी त्याला जिंकायचे डाव समजावून सांगतो. तो मान डोलवतो आणि पुन्हा हरतो.

आज तीनाने त्याच्याकडून ओट्सची पिशवी घेतली. मी म्हणालो, “कोण आजारी आहे?” ती म्हणाली, “पेकन पुरणार नाहीत. निम्मे पेकन, निम्मे ओट्स.”

मला ऐकवेना. पेकनच्या गावात पाईत ओट्स! ओट्स घोड्यांसाठी आणि दात पडलेल्यांसाठी. हे म्हणजे जावयाच्या दुधात पाणी घालण्यासारखं. मी खूप बोललो. एसेकिएल खाली मान घालून ऐकत होता. शेवटी म्हणाला, “माझे ओट्स तव्यावर भाजून बघा, कूको. पेकनच्या शेजारी बसले की ओळखू येत नाहीत.” स्वतःचा माल कोण वाईट म्हणेल?

जाताना तो दारात तीनाशी हळू बोलत होता. मी टोपी शोधत होतो, म्हणून ऐकू आलं.

“किती वाट बघू, तीना?”

“पाई जमू दे त्याला. मग.”

“आणि नाही जमली तर?”

“जमेल. तू ओट्स आणत जा.”

म्हणजे याला पाई हवी आहे. विकत मागितली असती तर दिली नसती का? आणि तीना हल्ली त्याला अरे-तुरे करायला लागली आहे. ओट्स स्वस्तात मिळावेत म्हणून असेल. बायका व्यवहारात पक्क्या.

२९ ऑक्टोबर

पहिली पाई. गुळाचा पाक केला, तो छान झाला होता हे तीनासुद्धा कबूल करते. मग अंडी फोडून त्यात घातली. पाक गार व्हायची वाट बघायची असते हे ती म्हणाली खरी, पण ‘गार’ म्हणजे किती गार हे नाही म्हणाली. गुळाची भुर्जी झाली. तशीच पारीत ओतून भाजली.

३० ऑक्टोबर

एसेकिएलने ती भुर्जी खाल्ली. वर म्हणाला, “झकास! जमली की हो कूकोंना! तीना, जमली!” आणि इतक्या आशेने तिच्याकडे बघितलं की मलाच कसंतरी झालं.

तीना म्हणाली, “याला जमणं म्हणत नाहीत.”

त्याचा चेहरा पडला. बिचारा एकटा राहतो, घरी काय खात असेल देव जाणे.

२ नोव्हेंबर

आज मेलेल्यांचा दिवस, थडग्यापाशी फुलं आणि खाऊ ठेवतात. स्मशानात लूपेच्या थडग्यावर झेंडूची फुलं वाहिली. दुसऱ्या पाईचा त्यातल्या त्यात बरा तुकडा बशीत ठेवला. मी केलेली पाई बघून लूपे उठून बसली असती आणि पोट धरून हसली असती. मला तिचं ते हसणं फार हवंसं वाटलं. कितीतरी वेळ उन्हात बसून राहिलो.

चाबेलाचा नवरा तिथेच पलीकडे आहे. ती फुलं लावून आली, माझ्या शेजारी बसली आणि काही न विचारता लूपेच्या बशीतला अर्धा तुकडा मोडून खाल्ला. म्हणाली, “लूपे एकटी थोडीच खाणार आहे एवढं.” मग म्हणाली, “पारी कच्ची आहे.” मेलेल्यांच्या दिवशीसुद्धा जिभेला हाड नाही.

६ नोव्हेंबर, गुरुवार

कडू. पेकन फोडल्यावर दोन दळांच्या मधला तपकिरी पडदा टोकरून काढावा लागतो. मी, पेकनवर म्हातारा झालेला माणूस, तो काढायचा विसरलो. खरं सांगायचं तर विसरलो नाही, कंटाळलो. इतकी वर्षं मी पोती मोजत आलो, सोलत कुणी दुसरंच होतं.

एसेकिएलने दोन तुकडे खाल्ले, तोंड वाकडं न करता. “थोडी कडवट चव पाहिजेच,” म्हणाला. “डोंगराकडे आम्ही मुद्दाम तशी करतो. जमली, तीना.”

“नाही जमली.”

“तीना, अगं…”

“एसेकिएल. नाही जमली.”

त्यानंतर तो डॉमिनो इतका वाईट खेळला की मलाच सोंगट्या ढकलून त्याला एक डाव द्यावासा वाटला. दिला नाही.

आणखी एक. तीनाची पट्टी आज डाव्या मनगटावर होती. मला उजवं आठवतं. चष्म्याचा नंबर वाढलेला दिसतोय.

१६ नोव्हेंबर

चार दिवस फळं पाडली. झाडांना यंत्र लावून हलवलं की पेकनचा पाऊस पडायचा, यंदा शिंतोडे पडले. मजूरसुद्धा लाजत होते. आमच्याकडे रीत आहे की पहिल्या फेरीनंतर जमिनीवर राहील ते वेचायला येणाऱ्यांचं. यंदा वेचणाऱ्या बायका आल्या आणि झाडांखाली बघून मलाच त्यांच्याकडचे मूठ-मूठ पेकन देऊ लागल्या. “असू द्या सेन्योर, पाईला लागतील. ऐकलंय आम्ही.” सगळ्या गावाने ऐकलंय. मी ते घेतले. आणि मला हसू आलं.

तीना मला पाईशिवायही कायकाय शिकवते आहे. राजमा रात्री भिजवायचा. तोर्तिया कडेने फुगली की उलटायची. शर्टाची कॉलर आधी चोळायची. मी म्हणालो, “पाईचा आणि कॉलरचा काय संबंध?” ती म्हणाली, “हात वळायला लागतो.” असेल.

पण मला ते आवडायला लागलंय, हे इथे लिहितो, तिला सांगणार नाही. काल राजमा शिजताना झाकण उचललं आणि तो वास आला, तेव्हा वाटलं की हे मी केलं. झाड आपलं आपण वाढतं, राजमा मात्र माझ्यामुळे झाला.

२० नोव्हेंबर, गुरुवार

आजची पाई दिसायला राजबिंडी होती. कापली आणि सगळा रस ताटभर पळाला. तीनाने सांगितलं, बाहेर काढताना ताट जरा हलवायचं. कडा हलता कामा नये आणि मध्यभागी थोडी थरथर हवी. सगळीच थरथरली तर कच्ची, अजिबात थरथरली नाही तर गेली कामातून. आणि कितीही जीव गेला तरी गरम कापायची नाही.

एसेकिएलने चमच्याने रस प्यायला. मग ट्रकमधून एक नवं कोरं पाईचं ताट काढून मला दिलं, वर ओव्हनमध्ये ठेवायचं उष्णता मोजायचं यंत्र. “तुमचा ओव्हन चढा आहे, कूको. मी खाऊन खाऊन ओळखलं.” पाईसाठी एवढा जीव टाकणारा माणूस मी पाहिला नाही. जाताना माझा हात दोन्ही हातांत घेऊन म्हणाला, “तुम्ही करू शकता. मला तुमच्यावर विश्वास आहे.” जणू मी युद्धावर निघालोय.

२७ नोव्हेंबर

बरी झाली. “बरी” हा तीनाचा शब्द. एसेकिएल टाळ्या वाजवायला उठला होता, तो पुन्हा बसला.

४ डिसेंबर, गुरुवार

रात्री कडाक्याची थंडी पडली, पहाटे नळ गोठले.

आज पाई जवळजवळ जमली. पारी कुरकुरीत, पडदा नाही, ओट्स भाजलेले. एसेकिएल म्हणतो ते खरं आहे, पेकनच्या शेजारी ते ओळखू येत नाहीत आणि दाताखाली छान लागतात. ही अक्कल आमच्या गावाला आधी सुचायला हवी होती. तीनाने डोळे मिटून घास घेतला. “सणाच्या दिवशी अशीच केलीस की झालं,” म्हणाली. एसेकिएल उठून अंगणात गेला आणि ट्रकला टेकून उभा राहिला.

तीना त्याच्यामागे गेली. ते दोघं बाहेर असताना चाबेला आपला तवा न्यायला आली. उरलेला तुकडा उचलून खाल्ला आणि म्हणाली, “चला. आता एकटा राहिलास तरी उपाशी मरणार नाहीस.”

“मी कशाला एकटा राहीन?”

ती घास तोंडात तसाच धरून थांबली. “मी काही बोलले नाही,” म्हणाली, आणि तवा तिथेच टाकून पळाली.

मी खुर्चीवर बसलो. एसेकिएलच्या खुर्चीवर, कारण तीच जवळ होती. तिथून स्वयंपाकघराचं दार समोर येतं. दारातून ओटा दिसतो, आणि ओट्याशी उभं राहणारं माणूस दिसतं.

मी गाढव आहे.

५ डिसेंबर

कॉलर. राजमा. पट्टी. पाई जमू दे, मग.

सगळ्या गावाला माहीत असेल. वेचणाऱ्या बायकांनासुद्धा. “ऐकलंय आम्ही.”

७ डिसेंबर

चर्चमध्ये गेलो, प्रवचन ऐकलं नाही. तीना अडुसष्ट वर्षांची आहे. या वयात कोणी लग्न करतं का, असं मी मनात म्हणालो, आणि लगेच स्वतःलाच विचारलं, मग कोणत्या वयात करायचं होतं तिने? घरात सकाळी कॉफीचा वास येतो तो तिच्यामुळे. ती गाणं गुणगुणते, एकच, आणि तेही अर्धवट. ते डोंगराकडे ऐकू येईल आणि इथे येणार नाही. मला भीती वाटते. हे लिहायला लाज वाटते, पण वाटते.

पाई जमली नाही तर ती जाणार नाही. एवढंच तर आहे.

११ डिसेंबर, गुरुवार

मुद्दाम जाळली.

उद्याच्या पाईची ही शेवटची तालीम होती. वास यायला लागला तेव्हा मी हातात फडकं घेऊन ओव्हनसमोर उभा होतो आणि दार उघडलं नाही. काळी झाली तेव्हा काढली आणि आरडाओरडा केला, “अरे देवा, विसरलोच!”

मला वाटलं होतं तीना बरसेल. ती बरसली नाही. जळलेल्या पाईकडे बघितलं, मग माझ्याकडे बघितलं, बराच वेळ. मग ॲप्रन काढून खिळ्याला अडकवला.

“जाऊ दे. उद्या दुकानातली बिस्किटं नेऊ. पाई काय, पुढच्या वर्षी शिकशील.”

‘पुढच्या वर्षी’ हे ती एसेकिएलकडे बघून म्हणाली.

तो टेबलाशी बसला होता. त्याने ताट ओढून घेतलं, सुरीने त्या कोळशाचा एक तुकडा तोडला आणि खाल्ला. कडकडा आवाज येत होता. डोळ्यांत पाणी आलं होतं, जळक्याने की कशाने ते मला कळलं नाही. सगळा तुकडा संपवला. काळ्या दातांनी म्हणाला, “चांगली झालीय. खरंच चांगली झालीय, तीना.”

आणि दुसरा तुकडा घ्यायला हात पुढे केला.

मी ताट उचललं आणि कोंबड्यांना टाकलं. कोंबड्यांनी तोंड लावलं नाही.

१३ डिसेंबर

कालचं लिहायला बसतोय. बोटांना अजून दालचिनीचा वास आहे.

पहाटे उठलो. ओव्हन आधी रिकामा केला. मैद्यात गार चरबी चिमटीने चोळली, पारी लाटली, कडेला बोटांनी चुण्या घातल्या. ओट्स मंद आचेवर खरपूस भाजले. त्या बायकांनी दिलेले पेकन घेतले, एकेका दळातला पडदा टोकरला, कंटाळलो नाही. पाक गार होईपर्यंत बाहेर जाऊन झाडांना सांगून आलो की पुढच्या वर्षी तरी नीट वागा. मग अंडी. ताट हलवलं तेव्हा कडा गप्प होत्या आणि मध्यभागी जराशी थरथर होती. लूपे असती तर तिला हाक मारली असती.

तीना उठून आली. दारात थांबली. पाई गार झाल्यावर कडेचा चुरा तोंडात टाकला आणि खुर्चीवर बसली.

“जमली,” म्हणाली. आणि रडायला लागली. मग दोन्ही हातांनी डोळे पुसले. पट्टीची आठवण तिला राहिली नव्हती.

मी वाट बघितली. तिने पदर सावरल्यासारखी शाल सावरली, उठली आणि माझा शर्ट इस्त्री करायला घेतला. तेव्हा मला कळलं की पाई जमूनसुद्धा ‘मी जाते’ हे हिच्या तोंडून निघणार नाही. पाई हे तिचं निमित्त होतं, एसेकिएलला थोपवायला आणि स्वतःलासुद्धा. अडकली होती ती माझ्यापाशी.

दुपारी जत्रा. बँड, कागदी झालरी, धूर, पोरं. बाएसांच्या पाईचा पहिला तुकडा पाद्रींनी खाल्ला आणि म्हणाले, “यंदा काहीतरी वेगळं आहे.” सगळ्या बायका कान टवकारून उभ्या. “चांगलं वेगळं,” ते म्हणाले. मी उभ्या उभ्या घाम पुसला.

आमच्या जत्रेत दोन खेळ दरवर्षी असतात. एक लुटुपुटूचा तुरुंग. डबीत नाणं टाकलं की पोरं येऊन तुम्ही सांगाल त्याला पकडून जाळीत कोंडतात. दुसरं लुटुपुटूचं लग्न. तिथेही नाणं टाकलं की हव्या त्या जोडीला ओढत आणून उभं करतात, कणसाच्या केसांच्या मिशा लावून चर्चची घंटा वाजवणारा हुस्तीनो न्यायाधीश होतो आणि कागदी दाखला देतो.

मी लग्नाच्या डबीत नाणं टाकलं. “त्या दोघांना आणा,” म्हणालो आणि बोट दाखवलं.

त्याच वेळी मागून कोणीतरी माझं बखोट धरलं. तुरुंगाच्या डबीशी चाबेला उभी होती. “तवा परत न करणारा चोर!” ती ओरडली. “कोंडा त्याला!”

म्हणून ते लग्न मी जाळीच्या आतून बघितलं.

पोरांनी तीनाच्या डोक्यावर पडद्याचं जाळीदार कापड टाकलं. लोक हसत होते. एसेकिएलने टोपी काढून छातीशी धरली. हुस्तीनोने विचारलं, “एसेकिएल ओर्नेलास, ही बाई पत्करता का?”

“हो,” तो म्हणाला, आणि ते इतकं खरं म्हणाला की पुढच्या रांगेतलं हसू थांबलं.

“एर्नेस्तीना बाएसा, तुम्ही?”

 बँड नेमका तेव्हाच थांबला. तीना हळू म्हणाली, “हुस्तीनो, खेळ पुरे. घरी माझा भाऊ आहे.”

मी जाळीला दोन्ही हातांनी धरलं.

“भावाला पाई येते!” मी ओरडलो. “राजमा येतो! शर्टाची कॉलर येते! भावाने कालची पाई मुद्दाम जाळली, तो गाढव आहे! तू हो म्हण ना, बये!”

सगळं अंगण माझ्याकडे वळलं. तीनाने डोक्यावरचं कापड मागे सारलं. तिचा चेहरा मी सांगू शकत नाही. एखाद्या तरुण मुलीचा होता.

“मुद्दाम?” ती ओरडली.

“मुद्दाम!”

“घरी चल, बघते तुला!” मग एसेकिएलकडे वळली. “हो.”

“हे लुटुपुटूचं आहे हं,” हुस्तीनो घाबरून मिशी सांभाळत म्हणाला.

“मग खरं करा!” मी म्हणालो. “पाद्री तिथेच पाई खात उभे आहेत!”

एवढा गोंगाट झाला की पुढचं ऐकू आलं नाही. एसेकिएल जाळीपाशी आला. जाळीतून बोटं घालून माझी बोटं धरली. मी म्हणालो, “तो जळका तुकडा खायची काय गरज होती?” तो म्हणाला, “तुम्ही केला होता ना.”

मला सोडवायचं सगळे विसरले. शेवटी चाबेला आली, जाळीतून पाईचा एक तुकडा आत दिला आणि बाहेर उभी राहून दुसरा स्वतः खाल्ला.

“पारी जरा जाड आहे,” ती म्हणाली. “मी शिकवीन.”

२५ जानेवारी

काल लग्न झालं. पाई मी केली. खूप नाचलो, गुडघे दुखतायत.

सकाळी कॉफी मीच केली. घर फार मोठं वाटलं. ते अर्धवट गाणं मी गुणगुणून पाहिलं आणि मलाही पुढचं येत नाही असं लक्षात आलं.

२९ जानेवारी, गुरुवार

झाडं छाटली. थंडी कमी.

तीना आणि एसेकिएल ट्रकने आले. तीनाच्या गालांवर रंग चढलाय, डोंगरावरच्या हवेने असेल. मी पाई पुढे ठेवली. “दालचिनी जास्त,” ती म्हणाली आणि दोन तुकडे खाल्ले. चाबेलाही होती. ती हल्ली रोज येते. कधी साखर हवी असते, कधी तवा ठेवून जायचा असतो. तिच्या घरी साखर टिकत नाही वाटतं. पारी मात्र तिच्या हाताखाली खरंच पातळ व्हायला लागलीय. तीना आणि ती स्वयंपाकघरात भांडी आवरत बसल्या, त्यांचं हसणं थांबेना.

आम्ही डॉमिनो मांडला. एसेकिएल या वेळी माझ्या जागेवर बसला, दाराकडे पाठ करून, म्हणून मी त्याच्या खुर्चीवर बसलो. आणि काय सांगू, तो माणूस फर्डा खेळतो! एकामागून एक सगळे डाव त्याने जिंकले. मी चकित झालो. माझं तर आज काही केल्या लक्षच लागेना. चाबेला ओट्याशी उभी राहून काहीतरी सांगत होती, हात ओले, बाह्या वर केलेल्या, आणि माझी पाळी कधी येते तेच कळत नव्हतं.

“कूको,” एसेकिएल शेवटी म्हणाला, “सोंगट्या इकडे आहेत.” आणि कारण नसताना खूप वेळ हसत बसला.

उद्या ती खुर्ची दुसरीकडे ठेवली पाहिजे. तिथून खेळात लक्ष लागत नाही.